केक पाक पेत नाई

"मंग सांगा ना चाचा, काय कमी हाये याच्यात?"

वच्छलानं संत्र्याचा केक गफूरचाचाच्या पुढ्यात असा आदळला, का ताटलीतला पाक उडून त्याच्या दाढीले लागला.

चाचानं दाढी चाटून पाह्यली.

"पाक चांगला हाये," म्हणे.

आता आयका. काटोलात बेकरीच्या भट्ट्या लय, पण पाकात भिजलेला संत्र्या-बदामाचा केक म्हटला का एकट्या गफूरचाचाचा. लग्न असो का नाताळ, लोक त्याच्याच दारात. त्याच्या हाताखालचा कारागीर, चाचानं "जा" म्हटल्याबिगर आपली भट्टी पेटवत नाई. पेटवलीच, तं गिऱ्हाईक पह्यले इचारते, "गफूरनं जा म्हटलं का?"

चाचाच्याच हाताखाली शिकलेल्या वच्छलानं नाक्यावर गाळा घेतला. भट्टी बांधली, ते वाळली बी. सारं अटकलं होतं त्या एका "जा"वर. अन् बाई अशी जिद्दी, का आज तो शब्द घेतल्याबिगर हालाची नाई.

केक तिचा मोठा देखणा. वरून असा गुळगुळीत, का त्याच्यात पाहून भांग पाडावा. पण कापला का आत कोरडा भुसा. सारा पाक खाली ताटलीत तळं करून बसलेला.

"गरम केकवर थंडा पाक टाकला. थंड्या केकवर गरम टाकला. साखर कमी केली, रस वाढवला. पेतच नाई मेला! तुमचा कसा पेते?"

चाचानं केकले कान लावला. डोळे मिटले. हं... हं... करत मान हालवली.

"काय म्हणते?"

"तुह्याच नावानं तक्रार करते."

"चाचा, मस्करी नोका करू. माह्या पोटापाण्याचं हाये."

चाचा उठला. मैद्याच्या पोत्यात खोसलेला दाभण काढला, भट्टीच्या जाळावर धरला, फडक्यानं पुसला अन् तिच्या हातात देल्ला. मंग खुशाल तंबाखू चोळत बसला.

वच्छला लालबुंद. नवी होती तवा यानंच पोते शिवाले बसवलं होतं. आता सोताची भट्टी बांधली, तरी पोतेच?

पण कोपऱ्यातले फाटके पोते ओढले अन् शिवत बसली. बोटाले टोचलं, तरी उठली नाई. सारे शिवले, तवाच येऊन उभी राह्यली.

"शिवले. आता सांगा."

"काय शिवलं?"

"पोते! तुमचे!"

चाचा असा हासला, का त्याले ठसका लागला.

"म्या कवा सांगतलं वो पोते शिवाले?"

"मंग दाभण कायले देल्ला?"

चाचा केककडे पाह्यत राह्यला...

वच्छलानं दाभणाकडे पाह्यलं. मंग केककडे. तिनं ताटली आपल्याकडे ओढली.

"नाई चाचा... याचं तोंड खराब होईन."

"होईन."

"लोक हासतीन."

"मी तं आतापासूनच हासून राह्यलो."

...

वच्छलानं पदर खोचला. मंग दाभण पुन्हा जाळावर धरला, दात आवळले, अन् आपल्याच हातानं त्या चकचकीत तोंडाची चाळणी करून टाकली. ताटलीतला पाक चमच्या चमच्यानं वरून सोडला.

केक मुकाट्यानं पेत राह्यला. ताटली कोरडी झाली.

चाचानं एक तुकडा तोंडात टाकला. दुसरा टाकला. तिसऱ्याले हात घातला, तशी तिले राहावलं नाई.

"चाचा, सांगा ना!"

चाचानं बोटं चाटले. वर पाह्यलं.

"अजून इथंच उभी? मंग माहे गिऱ्हाईक पळवाले कोन जाईन?"