वरची चिमूट

फार पूर्वी शूर्पारक बंदरावर राजा सुबाहू राज्य करीत असताना बोधिसत्त्व त्याचा अमात्य होता. राजा लहान असताना त्याला अक्षरे शिकवणाराही तोच. आता तो म्हातारा झाला होता आणि बाजारातून चालताना त्याचे पाय आजच्या रस्त्यावर असत, मन मात्र लहानपणीच्या.

त्या नगरात मीठ वाटेल त्याला विकता येत नसे. राजाच्या कोठारातून मीठ उचलून ठरल्या भावाने विकायचा परवाना ज्याला मिळे, त्याच्या दारावर तांब्याची मुद्रा टांगलेली असे. मुद्रा उतरली की दुकान गेले, आणि दुकानाबरोबर चूलही गेली.

धक्क्याजवळ शोणा नावाच्या विधवेचे असे एक दुकान होते. तिच्या सासऱ्याच्या वेळेपासून तिथे एक रीत होती. मीठ तोलून पानात बांधताना वरून एक चिमूट जास्त घालायची. लहान मूल आले तर ती चिमूट त्याच्या कैरीच्या फोडीवर पडे. बोधिसत्त्वाची आई त्याला मीठ आणायला इथेच पाठवी. त्या दारावरून जाताना अजूनही त्याच्या तोंडाला पाणी सुटे, आणि मग आई आठवून डोळ्यांनाही.

त्या वर्षी कोठारावर कालसेन नावाचा नवा अधिकारी आला. माणूस लाचेला शिवणारा नव्हता, पण भारी उतावळा. त्याने शोणाकडचे उरलेले मीठ तोलले, तर ते असायला हवे त्याहून कमी भरले. त्याने राजाला सांगितले, "चोरी आहे." राजा म्हणाला, "मग मुद्रा उतरवा." शोणाला कोणी एका शब्दानेही विचारले नाही.

बोधिसत्त्व राजाकडे गेला. "महाराज, तिचं म्हणणं काय आहे?"

"माल कमी भरला, आचार्य. आता म्हणणं कसलं?" राजा हसला. "की खाल्ल्या मिठाला जागताय?"

बोधिसत्त्वाला ते लागले, कारण त्यात तथ्य होते. तो म्हणाला, "जागतोय खरा. म्हणून हा निवाडा मी करणार नाही, तुम्ही करा. पण तिच्या दारात बसून, तिचं ऐकून करा. एवढंही होणार नसेल तर माझं अमात्यपद आधी काढून घ्या."

राजा चिडला, पण दुसऱ्या दिवशी आला. शोणा रडली नाही. "मीठ कमी आहे, महाराज, ते खरं आहे. पण मी घरात नेलं नाही. काटा हलतो, वारा लागतो. गिऱ्हाइकाला उणं जाऊ नये म्हणून सासरे वर चिमूट घालायचे, मीही घालते. राजाचं मीठ असं द्यायचं नाही, हे कोणी सांगितलं असतं तर बंद केलं असतं. कोणी विचारलं असतं तर हेच सांगितलं असतं."

कालसेन खाली बघू लागला. राजाचा चेहरा मात्र उजळला. आचार्यांचे बोट धरून, बागेतली कैरी लपवून आणून, तो स्वतः या दारात उभा राहिला होता. "कैरी कापून देणाऱ्या त्या तुम्हीच ना?" तो शोणाला म्हणाला. "टांगा रे मुद्रा! या दुकानाला पुन्हा कोणी हात लावायचा नाही."

लोकांनी जयजयकार केला. बोधिसत्त्वालाही मनातून हेच हवे होते, तरी तो पुढे झाला. "महाराज, चव आठवली म्हणून दुकान उघडू नका."

"आता तुम्हीच आडवे येता?"

"यंदा खाडीपलीकडच्या भद्रकाचीही मुद्रा अशीच उतरली. त्याच्या मिठाची चव तुम्हाला ठाऊक नाही, मलाही नाही. त्यानं कोणाच्या तोंडाकडे पाहायचं?"

राजा पुन्हा दारातल्या मिठाच्या पोत्यावर बसला. त्याने कालसेनाच्या हाती तागडी दिली, शोणाच्या रीतीने पोतेभर मीठ तोलायला लावले, प्रत्येक पुड्यावर चिमूट घालायला लावली. तूट तेवढीच आली. तेव्हा मुद्रा परत दारावर चढली. त्या चिमटीपुरते मीठ सगळ्याच दुकानांना कोठारातून जास्त मिळू लागले, आणि दुकानदाराच्या दारात बसून त्याचे ऐकल्याशिवाय कोणाची मुद्रा उतरवायची नाही, असे ठरले.

मग राजा खाडीपलीकडे गेला. भद्रकाचे सगळे ऐकून घेतले. त्याचे मीठ पाण्यात विरघळवले तेव्हा तळाशी वाळू राहिली. त्याची मुद्रा परत मिळाली नाही. तागडी पाठीला बांधून निघताना तो बोधिसत्त्वाला म्हणाला, "दुकान माझ्या करणीनं गेलं. पण राजा माझ्या दारात बसला होता, हे पोरांना सांगेन."

जेतवनात शास्त्यांनी, म्हणजे भगवान बुद्धांनी, ही कथा सांगितली, तेव्हा विहारातल्या खोल्या वाटून देणारा भिक्षू समोर होता. तक्रार येताच त्याने एका वृद्ध भिक्षूची खोली न विचारता काढून घेतली होती. शास्ते म्हणाले, "तेव्हाचा कालसेन तू होतास. शोणा म्हणजे तो वृद्ध भिक्षू, राजा म्हणजे माझा शिष्य आनंद, आणि अमात्य मीच होतो." भद्रक कोण, हे त्यांनी सांगितले नाही.

तो भिक्षू उठला. म्हातारा ज्या झाडाखाली आपले पात्र घेऊन बसला होता, तिथे जाऊन त्याच्याशेजारी जमिनीवर बसला आणि म्हणाला, "भन्ते, तुमचं म्हणणं काय आहे?"

या कथेतला गुण समभाव.