किरुआवर कोणीच राहत नव्हतं

किरुआ बेटावर परक्या सरकारला आरमारी तळ हवा होता, म्हणून तिथल्या सगळ्या माणसांना गलबतात कोंबून दूरच्या बंदरातल्या झोपडपट्टीत आणून टाकलं होतं. पुढे किरुआसकट आसपासच्या सगळ्या बेटांवर स्वातंत्र्याचा कौल घ्यायचं ठरलं, तेव्हा किरुआच्या लोकांनीही मताचा हक्क मागितला. पंचांपुढच्या सुनावणीला त्यांनी म्हाताऱ्या तालेआला पुढे केलं.

सरकारी आयुक्त खुर्चीत रेलून म्हणाले, "बाई, किरुआवर कधी वस्तीच नव्हती. तिथे फक्त नारळी होत्या आणि खेकडे होते. मग मत कोणाचं घ्यायचं?"

तालेआ म्हणाली, "साहेब, मला दंडाला धरून गलबतात चढवलं ते तुम्हीच. बेटावर माणसं नव्हती, तर बंदुका घेऊन तुम्ही नारळींना हाकलायला आला होतात का?"

सभागृहात हशा पिकला. आयुक्त खाली बघू लागले. पंचांनाही हसू आवरेना. किरुआवर माणसं राहत होती, हे त्यांनी तिथल्या तिथे मान्य केलं. वस्तीतल्या बाया तालेआच्या गळ्यात पडून रडल्या.

मग पंचांनी निकाल दिला. कौल देण्याचा हक्क आज बेटावर राहणाऱ्यांनाच होता, आणि आज तिथे फक्त सैनिक राहत होते.

बाहेर आल्यावर सून म्हणाली, "आई, तुम्ही त्या साहेबाला निरुत्तर केलंत."

तालेआ पायरीवर बसली. "घरी तुझे सासरे अंथरुणात वाट बघतायत," ती म्हणाली. "परत कधी जायचं, असं विचारतील. त्यांना मी काय सांगू?"