घंटेची पोकळी

देवघरातली भांडी आपसांत बोलत, त्या काळची गोष्ट. समई तेलाने भरलेली, कलश पाण्याने. घंटाच तेवढी रिकामी. तिला भारी लाज वाटे.

"कापूसदादा, माझ्यात येऊन बस ना," तिने वातींच्या कापसाला गळ घातली. भोळा कापूस आत जाऊन बसला.

आरतीला घंटा हलली, पण नाद फुटेना. "उद्या दुसरी आणू," द्वारकाकाकू म्हणाल्या. घंटेने शेजारच्या शंखाला सगळं गाऱ्हाणं सांगितलं.

शंख हसला. "वेडे, मीही पोकळच. सृष्टीआधी जी शांतता होती ना, तिचाच घोटभर वाटा देवाने आपल्याला दिलाय. नाद तिच्यातूनच उठतो, काळसुद्धा."

"कापूसदादा, नीघ बाबा आता," घंटा काकुळतीने म्हणाली. कापूस बाहेर आला.

बाजाराला निघताना काकूंनी ती सहज हलवून पाहिली. नाद घुमला, हळूहळू विरला. तो विरल्यावरही काकू डोळे मिटून तिथेच बसून राहिल्या.