पखवाजाची कणीक कुणी खाल्ली?

"तूच खाल्लीस!"

"मी नाही. तूच खाल्लीस!"

"ठुमे, तुझ्या मिशीला पीठ आहे. बघ!"

"ते कालचं आहे! आणि ठुमे काय म्हणतेस? ताई म्हण!"

"कणीकखाऊला मी ताई म्हणत नाही. जा!"

या दोघी बहिणी. उंदरीण आईच्या लेकी. थोरली ठुमी, धाकटी झुमी. एवढ्या एवढ्याशा. पण आवाज बघा!

दोघींना गाण्याचं भारी वेड. ठुमीचा पखवाज. दोऱ्याच्या रिकाम्या रिळाचा. झुमीची झांज. साडीवरून गळलेल्या दोन टिकल्यांची.

ठुमी वाजवायची, धूम धूम.
झुमी वाजवायची, झुण झुण.

आता पखवाजाचं एक असतं. त्याच्या डाव्या तोंडाला ओली कणीक थापावी लागते. कणीक असली की पखवाज घुमतो. धूम! कणीक नसली की घुमत नाही. नुसतं फट्.

आणि घर कुणाचं? उंदरांचं! उंदरांच्या घरात कणीक टिकते कधी?

आज बघतात तर कणीक गायब. चाटूनपुसून साफ.

तिकडे आईच्या कुशीत पाच बाळं. "चीं चीं चीं चीं चीं!" धूम ऐकल्याशिवाय निजायचं नाही, ही त्यांची खोड. आणि ही खोड लावली कुणी? याच दोघींनी!

आईच्या एका हातात दोन बाळं. दुसऱ्या हातात तीन. आईचे डोळे खोल गेले होते. पाय लटपटत होते.

ठुमी म्हणाली, "आई, भाकरी खा ना गं."

आई म्हणाली, "आधी बाळं निजू देत, मग मी जेवते."

बाळं म्हणाली, "चीं! आधी धूम, मग नीज."

पखवाज म्हणाला, "फट्! आधी कणीक, मग धूम."

झालं! घरातल्या घरातच रांग लागली.

"मी आणते कणीक," ठुमी म्हणाली.

"तू नको. तू वाटेत खाशील," झुमी म्हणाली.

"मग तू तर मुळीच नको!"

शेवटी दोघी निघाल्या. ठुमीच्या पाठीवर पखवाज. झुमीच्या हातात झांज. कणीक मिळाली की तिथल्या तिथे थापायची. घरी आणेपर्यंत कुणाचा भरवसा नाही!

तुरुतुरु तुरुतुरु.

स्वयंपाकघरात परात होती. परातीत पीठ होतं. घरातल्या बाईंनी पीठ चाळलं आणि त्या शेजारी गेल्या. दोन मिनिटांत येते म्हणाल्या. गेल्या त्या गेल्याच.

"पीठभाऊ, पीठभाऊ, कणीक व्हा ना!
पखवाज घुमेना,
बाळं निजेनात,
आई जेवेना!"

पीठ म्हणालं, "फुस्स! मी हे असं कोरडं. आधी पाणी, मग मी."

"आधी पाणी म्हणे!" ठुमी वैतागली.

"तू कणीक खाल्ली नसतीस तर..." झुमी म्हणाली.

"तूच खाल्लीस!"

"तूच!"

तुरुतुरु तुरुतुरु.

कोपऱ्यात माठ होता. गारेगार. पोट केवढं थोरलं!

"माठआजोबा, माठआजोबा, पाणी द्या ना!
पीठ भिजेना,
पखवाज घुमेना,
बाळं निजेनात,
आई जेवेना!"

माठ म्हणाला, "बुडुक बुडुक! देईन की. पण माझ्या झाकणावर बघा कोण बसलंय. आधी ती उठू दे, मग मी."

दोघींनी वर बघितलं.

बाप रे! मांजर!

झाकणावर गोल गोल झोपली होती. अख्ख्या घरात दुसरी जागा नाही मिळाली तिला!

"तू विचार," ठुमी म्हणाली.

"तू थोरली ना? तू विचार," झुमी म्हणाली.

"आता बरी थोरली आठवली!"

मग दोघींनी मिळून विचारलं. लांबूनच बरं का! परातीच्या मागून.

"मनीमावशी, मनीमावशी, ऊठ ना गं!
माठ उघडेना,
पीठ भिजेना,
पखवाज घुमेना,
बाळं निजेनात,
आई जेवेना!"

मांजरीने एक डोळा उघडला. "म्यांव. उंदरांनी मांजरीला उठवायचं? काय दिवस आलेत! आधी दूध, मग मी." आणि डोळा मिटला.

"आधी दूध म्हणे!" ठुमीने पाय आपटला.

"तू कणीक खाल्ली नसतीस तर..." झुमी म्हणाली.

"तूच खाल्लीस!"

"तूच!"

तुरुतुरु तुरुतुरु. उंबऱ्यावरून उडी. टुण्!

अंगणात शेळी होती. दाव्याला बांधलेली. दाढी हलवत उभी.

"शेळीकाकू, शेळीकाकू, दूध दे ना गं!
मांजर उठेना,
माठ उघडेना,
पीठ भिजेना,
पखवाज घुमेना,
बाळं निजेनात,
आई जेवेना!"

शेळी म्हणाली, "में! दूध काय आभाळातून पडतं? सकाळपासून पोटात काडी नाही माझ्या. तो शेवग्याचा पाला बघा. मी इथे, तो तिथे. आधी पाला, मग मी."

"आधी पाला म्हणे!" ठुमीने शेपूट आपटली.

"माझ्यावर काय आपटतेस? तू कणीक खाल्ली नसतीस तर..."

"तूच खाल्लीस!"

"तूच!"

"में," शेळी म्हणाली, "भांडायचं तर तिकडे जाऊन भांडा. माझं डोकं दुखतंय."

तुरुतुरु तुरुतुरु.

अंगणाच्या कडेला शेवगा होता. उंच उंच. इवली इवली पानं.

"शेवगेदादा, शेवगेदादा, पाला टाका ना!
शेळी चरेना,
मांजर उठेना,
माठ उघडेना,
पीठ भिजेना,
पखवाज घुमेना,
बाळं निजेनात,
आई जेवेना!"

शेवगा म्हणाला, "मला हात आहेत का? नाहीत. मला उडी मारता येते का? नाही. मग पाला टाकू कसा? आधी वारा, मग मी."

आता मात्र कमाल झाली! जो तो आपला, आधी तो, मग मी. आधी ती, मग मी. कुणी म्हणून हलायला तयार नाही!

ठुमीचे डोळे भरून आले. "झुमे, आई अजून उपाशी असेल गं."

झुमीने नाक पुसलं.

तुरुतुरु तुरुतुरु.

वारा कुठे होता? गोठ्याच्या मागे. भिंतीला टेकून. गाल फुगवून. रुसून बसला होता.

"वारोबा, वारोबा, सुटा ना हो!
शेवगा हलेना,
शेळी चरेना,
मांजर उठेना,
माठ उघडेना,
पीठ भिजेना,
पखवाज घुमेना,
बाळं निजेनात,
आई जेवेना!"

"हूं!" वारा म्हणाला. "सकाळपासून मी पळतोय. यांचे पापड वाळव. त्यांचे पतंग उडव. कुणी मला विचारलं का, बाबा, दमलास का? कुणी मला एक गाणं तरी ऐकवलं का? आधी गाणं, मग मी."

"गाणं?" ठुमी म्हणाली.

"गाणं?" झुमी म्हणाली.

एवढंच ना! दोघींनी शेपट्या सावरल्या. ठुमीने पखवाज पुढे घेतला. झुमीने झांज धरली.

फट्! झुण. फट् फट्! झुण.

"अगं, काय वाजवतेस!" झुमी ओरडली.

"कणीक कुठे आहे? तुझ्या पोटात!" ठुमी ओरडली.

"तुझ्या पोटात!"

"थांबा, थांबा!" वाऱ्याने कानांवर हात ठेवले. "हे गाणं नाही. हे भांडण आहे. भांडण मी रोज ऐकतो. प्रत्येक खिडकीतून. मला गाणं हवं!"

ठुमीने पखवाज खाली ठेवला. "माझा पखवाज मुका झालाय. मी कशी वाजवू?"

झुमी जवळ आली. अगदी जवळ. मिशीला मिशी लागली.

"ताई," ती म्हणाली, "पखवाज मुका आहे. तू कुठे मुकी आहेस? बोल येतात ना तुला? तोंडाने म्हण. पोटातून म्हण."

ठुमीने श्वास घेतला. पोट फुगवलं. आणि म्हणाली,

"धूम!"

अगदी पखवाजासारखं! झुमीने झांज लावली. झुण! आणि दोघी गाऊ लागल्या.

"धूम धूम धूम, झुण झुण झुण,
कुशीत निजलंय कोण कोण?
मिशीला मिशी टेकली गं,
पाची बाळं पेंगली गं!"

वाऱ्याचे गाल हलले. मग मान हलली. मग वारा उठलाच. "वा! वा गं पोरींनो! आणखी एकदा!"

दोघींनी आणखी एकदा म्हटलं. वारा नाचू लागला.

सूं सूं सूं! सूंऽऽऽ!

वारा सुटला. शेवगा हलला. भुरुभुरु भुरुभुरु पाला पडला.

शेळी चरली. कचकच कचकच. तिची दाढी हिरवी झाली. मग तिने करवंटीत दूध दिलं. चुर्र चुर्र.

करवंटी केवढी! दोघी केवढ्या! ठुमीने पुढून ओढली. झुमीने मागून ढकलली. हुश्श! हुश्श! थोडं सांडलं. तरी कुणी भांडलं नाही. भांडायला दम कुठे होता?

मांजर उठली. धप्पकन खाली आली. लपलप लपलप. सगळं दूध प्यायली. तिने दोघींकडे बघितलं. दोघी परातीमागे! पण मांजरीचं पोट भरलं होतं. तिने मिशा पुसल्या आणि उन्हात गेली झोपायला.

माठ उघडला. झाकण उडालं, खण्ण्! माठ थोडा परातीकडे कलंडला. टप टप टप.

पीठ भिजलं. पचक पचक!

"झालो गं बाई एकदाचा मी कणीक!" पीठ म्हणालं.

ठुमीने चिमूटभर कणीक घेतली. झुमी बघत राहिली. झुमीने चिमूटभर घेतली. ठुमी बघत राहिली. दोघींनी मिळून पखवाजावर थापली. थाप थाप थाप.

आणि धूम ठोकली घराकडे! तुरुतुरु तुरुतुरु तुरुतुरु!

घरात काय चाललं होतं? तेच! "चीं चीं चीं चीं चीं!" आई भिंतीला टेकली होती. तिच्यात उभं राहायचा जीव नव्हता.

ठुमी बसली. झुमी बसली.

धूम!

पाची बाळं गप्प.

झुण!

पाची बाळांनी जांभई दिली.

"धूम धूम धूम, झुण झुण झुण,
कुशीत निजलंय कोण कोण?
मिशीला मिशी टेकली गं,
पाची बाळं पेंगली गं!"

एक निजलं. दुसरं निजलं. तिसरं, चौथं निजलं. पाचवं जरा हट्टी होतं. त्याला आणखी एक धूम लागलं. मग तेही निजलं.

वारा सुटला,
शेवगा हलला,
शेळी चरली,
मांजर उठली,
माठ उघडला,
पीठ भिजलं,
पखवाज घुमला,
बाळं निजली,
आणि आई जेवली!

झुमीने भाकरी आणली. ठुमीने पाणी आणलं. आईने पहिला घास घेतला. दुसरा घेतला. तिचे पाय लटपटायचे थांबले. तिच्या डोळ्यांत चमक आली. तिने दोघींच्या पाठीवरून हात फिरवला.

दोघी बघत बसल्या. किती छान वाटलं!

पण किती वेळ? अगदी थोडा वेळ.

"पण कणीक तूच खाल्लीस," झुमी हळूच म्हणाली.

"मी नाही. तूच खाल्लीस," ठुमी हळूच म्हणाली.

"तूच!"

"तूच!"

"तुझ्या मिशीला पीठ होतं, ताई!"

"ते कालचं होतं, सांगितलं ना!"

आवाज वाढला. पाचवं बाळ चुळबुळलं. आईने भाकरीचा घास गिळला. दोघींकडे डोळे मोठे केले. आणि म्हणाली,

"श्श्! उठवाल त्यांना, आणि ती कणीक मीच खाल्ली, भूक लागली होती मला!"