भेगेवरचं हिरवं सूत

आवळखोऱ्याच्या डोंगरमाथ्यावर एक लांब भेग आहे. तिच्या दोन्ही काठांवर सागाच्या खुंट्या ठोकल्यात आणि मधे हिरवं सूत ताणून बांधलंय. पाहुण्यांचा हात तिकडे गेला की म्हातारे चिमाजी लोहकरे ओरडतात, "हात नका लावू, बाबांनो! खाली गाव पळंल."

मग ते सांगतात.

फार पूर्वी ही भेग बोटभर होती म्हणे. डोंगर देवीचा, म्हणून भेग ही देवीची जखम. गावच्या बाया दर पावसाळ्याआधी ती शेणामातीनं लिंपून टाकत. लिंपली की दिसत नसे, आणि दिसत नसे म्हणून गाव निर्धास्त राही.

लिंपायचं काम ठकीकडे होतं. एका वर्षी ती धाकट्या भावाला, गोमाला म्हणाली, "गोमा, गेल्या साली तीन पाट्या माती लागली. औंदा सात लागल्या तरी भरंना. डोंगर उलतोय रं."

गोमा हसला. "तुझ्याच पाटीला भोक पडलंय, आक्के."

श्रावणात लिंपण खचलं. ते भरायला ठकी एकटीच वर गेली. काठ तिच्यासकट सुटला. गोमाला खाली फक्त पाटी सापडली. त्यानं ती उलटीपालटी करून पाहिली. भोक कुठंच नव्हतं.

त्यानं दु:खाच्या भरात शपथ घेतली, की ही भेग पुन्हा कुणाला झाकू देणार नाही. ठकीच्या हिरव्या लुगड्याचं सूत उसवून त्यानं दोन काठांत ताणलं. काठ सरकले तर सूत तुटेल, एवढंच त्याला कळत होतं. त्या दिवसापासून तो रोज पहाटे वर जाई आणि सुताला बोट लावून बघे. सूत दिवसेंदिवस ताठ होत होतं. त्याला अन्न जाईना.

पुढच्या श्रावणात, आठ दिवसांच्या झडीनंतर, एका सकाळी सूत तुटलेलं दिसलं.

गोमा धावत पाटलाच्या ओट्यावर आला. "सूत तुटलं! निघा, समदे निघा!"

पाटील म्हणाले, "सुतासाठी घरं सोडायची? बहिणीपायी डोकं फिरलंय तुझं. बस, भाकरी खा."

लोक हसले. गोमाला आपलंच हसू आठवलं. तो सरळ घरात घुसला, पाळण्यातलं पाटलाचं तान्हं उचललं आणि समोरच्या माळाकडे धावत सुटला.

"प्वार नेलं! धरा मेल्याला!" पाटलीण किंचाळत मागे धावली. तिच्यामागे पाटील, काठ्या घेतलेले गडी, बाया, पोरं असं सगळं गाव धावलं. माळावर त्यांनी गोमाला गाठलं, पहिली काठी त्याच्या पाठीत बसली, आणि तेवढ्यात मागे डोंगर उतरला. घरं गेली, गुरं गेली, माणूस एकही नाही.

आजही दर वैशाखात, पाऊस यायच्या आत, भेगेवर नवं हिरवं सूत बांधतात. जुनं मुद्दाम तोडतात. ते तुटलं की गावातलं सगळ्यांत लहान मूल कुणीतरी उचलून माळाकडे पळतो आणि अख्खं गाव शिव्या देत त्याच्यामागे धावतं. पोरं हसतात. म्हातारी माणसं हसत नाहीत, ती डोंगराकडे बघत धावतात.

माळावर पोचल्यावर नावं पुकारतात. पहिलं नाव ठकीचं. ओ येत नाही. तरी सगळे क्षणभर वाट बघतात, मगच दुसरं नाव घेतात.