साळूच्या तोंडाचे दुखणे महाराजांनी ओळखले

येरळा नदीच्या काठी वाघझिरे नावाचे लहानसे गाव. तिथल्या महादेवाच्या ओवरीत एका चातुर्मासात श्रीनिजबोध महाराज येऊन राहिले होते. अंगात कफनी, जवळ एक तुंबा आणि लवंगांची पुरचुंडी, एवढाच संसार. महाराज फारसे बोलत नसत. कुणी प्रश्न विचारला, तर आधी त्या माणसाकडे डोळे भरून पाहत. आणि पुष्कळदा त्या पाहण्यातच प्रश्न विरून जाई.

त्या देवळाची पूजा म्हादबा गुरवाकडे होती. त्याची बायको साळू पहाटे बेल खुडून आणायची, दिवसभर पत्रावळी लावायची आणि गाभारा झाडताना भूपाळी म्हणायची. तिचा गळा असा गोड, की पाणवठ्यावर निघालेल्या बायका देवळाशी येऊन रेंगाळत. पण गेल्या थंडीपासून या गुणी बाईच्या मागे एक चमत्कारिक पीडा लागली होती. बोलायला तोंड उघडले की जबडा आपोआप डावीकडे ओढला जाई, ओठ वाकडे होत आणि जीभ बाहेर येई. घास चावताना तर दात अवचित मिटत आणि जीभ चावली जाऊन रक्त येई. साळूने पदराने तोंड झाकायची सवय लावून घेतली. चारचौघींत जेवणे तिने सोडले. म्हादबा ताटावर बसला की ती पाठ फिरवून चुलीकडे तोंड करून बसे.

"आगं, माझ्यापुढं कसली लाज?" तो म्हणे.

"तुमच्याच पुढं लई वाटती," एवढे शब्द काढतानाही तिचे तोंड ओढले जाई, आणि म्हादबा भाकरीकडे बघत राही.

गावातल्या टवाळांना मात्र करमणूक झाली. "साळू वेडावती रं!" असे म्हणून पोरासोरांसमोर तिची नक्कल करण्यापर्यंत काहींची मजल गेली.

त्याच देवळात विश्वंभरशास्त्र्यांचे पुराण चालू होते. शास्त्रीबुवा विद्वान खरेच. वाणी अस्खलित आणि आवाज असा, की माईक-बिईक नसलेल्या त्या काळात नदीपलीकडच्या शेतात ऐकू जाई. पण आपल्या जिभेचा त्यांना मोठा अभिमान होता. एके दुपारी पुराण रंगात आले असताना साळू खांबाआडून ऐकत होती. ऐकता ऐकता ती पुटपुटू लागली आणि तिचे तोंड ओढले गेले, जीभ बाहेर आली. नेमकी शास्त्रीबुवांची दृष्टी तिकडे गेली.

"मला वेडावतेस?" ते गरजले. "व्यासपीठाचा अपमान!"

साळू घाबरली. "न्हाई जी, म्या..." म्हणू लागली, पण भीतीने जबडा अधिकच ओढला गेला. एक शब्द नीट उमटेना. लोक हसले.

शास्त्रीबुवा म्हणाले, "ही वाचेची बाधा आहे. मागच्या जन्मी संतनिंदा केली असेल, आता पिशाच तिच्या तोंडाने खिदळते आहे. म्हादबा, उद्या हिच्या गालफडावर डाग दे. तोवर हिने देवळाची पायरी चढायची नाही!"

म्हादबा बिचारा भोळा. शास्त्र सांगणारा माणूस खोटे कसे सांगेल? रात्रभर त्याला झोप आली नाही. साळूही जागीच होती. सकाळी ती एवढेच म्हणाली, "डाग दिल्यावर गाता ईल का वो?"

सकाळी लोहाराच्या भात्यापाशी सारे गाव जमले. शास्त्रीबुवा सोवळे नेसून पारावर उभे होते. साळूला ओट्यावर बसवून दोन बायकांनी तिचे दंड धरले. तिने डोळे मिटले आणि मनात महाराजांचे नाव घेतले. इकडे लोहाराने विळा निखाऱ्यात घातला, भाता ओढला. निखारे फुलले, ज्वाळा उठल्या. पण विळा काळा तो काळाच! लोहाराने पुन्हा कोळसा घातला, दंडाच्या शिरा तटतटेपर्यंत भाता ओढला. अखेर घाम पुशीत तो म्हणाला, "शास्त्रीबुवा, इतकी वर्सं लोखंड ठोकतुया, पर आसं कंदी झालं न्हाई. ह्यो विळा तापंनाच बगा!"

तेवढ्यात गर्दी दुभंगली. ओवरी सोडून सहसा कुठे न जाणारे महाराज समोर येऊन उभे होते.

"लोहारदादा, विळा बाहेर काढा," महाराज म्हणाले. "त्याला जे कळले, ते माणसांना कळले नाही."

मग ते साळूसमोर मातीत मांडी घालून बसले. तिच्याकडे कितीतरी वेळ पाहत राहिले. पण ते पाहणे टवाळांचे नव्हते. माय आजारी लेकराकडे पाहते, तसे होते. त्यांनी म्हादबाला विचारले, "झोपेत हिचे तोंड कसे असते?"

"झोपंत? झोपंत एकदम निवांत, महाराज. तान्ह्या लेकरावानी."

"आणि गाताना?"

म्हादबा चमकला. हे त्याच्या कधी ध्यानातच आले नव्हते. "गाताना... गाताना न्हाई वो ओढत!"

"साळू, भूपाळी म्हण बाळ."

साळूने घाबरत घाबरत सूर लावला. "जाग रे जाग शंभूदेवा, बेलाला दंव आलं..." आणि काय आश्चर्य! जबडा जागच्या जागी. एकेक शब्द स्वच्छ, मोत्यासारखा. गर्दीतल्या बायकांनी तोंडावर हात ठेवले.

महाराज सर्वांना म्हणाले, "पिशाच असते, तर देवाच्या गाण्यात आधी थयथयले असते. झोपेत सोडून जाणारे आणि भूपाळीला वाट देणारे पिशाच कुणी पाहिले आहे का? हे पाप नाही आणि सोंगही नाही. जबड्याच्या शिरा धन्याचे ऐकेनाशा झाल्या आहेत. पाय मुरगळतो, पोटरीत गोळा येतो, त्याला आपण पाप म्हणतो का?"

असे म्हणून महाराजांनी तिच्या हनुवटीला एक बोट हलकेच लावले. "आता बोल."

"काय बोलू, महाराज?" साळू म्हणाली आणि थक्क झाली. तोंड ओढले गेले नव्हते! महाराजांनी पुरचुंडीतली एक लवंग तिला दिली. "ही दाढेखाली नुसती धरून बोलत जा. जबडा ओढू लागला की हनुवटीला असेच बोट लाव. कोमट तिळाचे तेल चोळ, शेक घे, काही दिवस पेज आणि मऊ भात खा. मधूनमधून हे येईल, तेव्हा घाबरू नकोस. आणि गावकऱ्यांनो, तुमच्याकडेही एक औषध आहे. हिच्या तोंडाकडे टक लावून बघू नका. लाजेने हे दुखणे बळावते."

साळूच्या डोळ्यांतून धारा लागल्या. म्हादबाने तर सर्वांदेखत तिचा हात धरला. पण पारावरच्या शास्त्रीबुवांना ते सहन झाले नाही.

"लवंग!" ते ओरडले. "चार वेद, अठरा पुराणे राहिली बाजूला, आणि बाधेवर उतारा काय, तर लवंग!" आणि मान मागे टाकून ते आ वासून हसले. कडक्कन आवाज झाला. हसणे थांबले, पण तोंड मिटेना!

त्यांनी दोन्ही हातांनी जबडा वर रेटला, तो हलला नाही. "आ... आ..." एवढाच आवाज निघे. लाळ उपरण्यावर गळू लागली. लोकांना वाटले, बुवा साळूला वेडावताहेत. मग कुणीतरी म्हणाले, "आता ह्यांनाच डाग द्या!" आणि सारा पार खदखदून हसला. त्या हास्यात शास्त्रीबुवांच्या डोळ्यांत जी भीती उतरली, ती फक्त एकीने ओळखली.

साळू ताडकन उठली. "हसू नगा!" ती ओरडली. लवंग दाढेखाली होती, शब्द स्पष्ट होते. "त्यास्नी लई भ्या वाटतंय. म्या सांगती ना, लई भ्या वाटतं!" आणि लोकांना त्यांचे तोंड दिसू नये म्हणून ती पदर पसरून आडवी उभी राहिली.

महाराजांचे डोळे पाणावले. "साळू," ते म्हणाले, "त्यांचा जबडा खोबणीतून निसटला आहे. मी सांगतो तसे कर. ते काम तुझ्याच हातांचे आहे."

शास्त्रीबुवा सोवळ्यात होते. साळू क्षणभर थबकली. पण त्यांनीच खाली बसून तिच्यासमोर मान पुढे केली. तिने अंगठ्यांना पदर गुंडाळला, महाराजांनी सांगितल्याप्रमाणे अंगठे त्यांच्या खालच्या दाढांवर ठेवले, महाराजांचे नाव घेतले आणि जबडा आधी खाली दाबून मग हळूच मागे सारला. खट्! जबडा जागेवर बसला. शास्त्रीबुवा काही बोलू पाहत होते, तोच महाराजांनी ओठांवर बोट ठेवले. "आता काही दिवस मौन. बोलाल, तर पुन्हा निसटेल."

दुपारी पुराणाची वेळ झाली. गाव देवळात जमले, पण व्यासपीठ रिकामे होते. तेव्हा महाराज म्हणाले, "आज साळू गाईल." ती खांबाआड जाऊ लागली, तर म्हादबाने तिला हाताला धरून देवापुढे आणून बसवले. साळू गायली. पहाटे एकटीने गाभाऱ्यात गायची, तशीच गायली. एकदोनदा दोन कडव्यांच्या मधे थांबताना तिची हनुवटी थरथरली, तेव्हा तिने बोट लावले. आणि सारे लोक समईच्या ज्योतीकडे बघत राहिले.

गाणे संपल्यावर मागच्या रांगेतून विश्वंभरशास्त्री उठले. हनुवटीखालून डोक्यावर फडके बांधलेले, सोवळे कुठेच नाही. ज्यांच्या जिभेवर श्लोक नाचत, त्यांच्यापाशी आज एक शब्दही नव्हता. ते महाराजांपुढे आले. महाराज हसून बाजूला सरले. मागे साळू बसली होती.

शास्त्रीबुवांनी तिच्यापुढे गुडघे टेकले आणि मस्तक जमिनीला लावले. बराच वेळ उचलले नाही.

"उठा वो बुवा," साळू कावरीबावरी होऊन म्हणाली. "जबड्याला ताण पडंल."