बाळंतपणाला आलेली गोचीड

फार फार वर्षांपूर्वी चंद्री गाईच्या कानामागे एक गोचीड येऊन चिकटली. "पोटुशी आहे गं, चार दिवस राहू दे," ती काकुळतीने म्हणाली. चंद्रीला दया आली. गोचिडी टिपणारा बगळा आला, तर तिने त्यालाच शेपटीने हाकललं.

मग गोचिडीच्या बहिणीही आल्या. त्या फुगत गेल्या आणि चंद्री वाळत गेली. एके दिवशी सगळ्या आपणहून गळून पडल्या.

"गेल्या बाई एकदाच्या!" चंद्रीने सुस्कारा सोडला.

थोड्याच दिवसांत गोठ्याच्या भिंतीच्या भेगेतून ओळखीचा आवाज आला, "बाळंत झाले गं. लेकरं भुकेली आहेत."

भेगाभेगांतून हजारो पिल्लं निघाली. काही चंद्रीच्या वासराकडे वळली, काही धनिणीचं तान्हं निजलेल्या झोळीची दोरी चढू लागली. बगळ्याला हाक मारायला चंद्रीने तोंड उघडलं, पण हंबरण्याइतकंही रक्त अंगात उरलं नव्हतं.